कोऱ्या बशीतले निळे धागे

यंदा कोजागरीच्या दुसऱ्या दिवशी मी चाळण्या बाहेर काढल्या. साकोलीच्या आमच्या कॉलेजात प्राणिशास्त्राच्या प्रयोगशाळेत, लोखंडी कपाटाच्या वरच्या खणात त्या सुती कापडात बांधून ठेवलेल्या असतात. एकीत एक बसवलेल्या, मोठ्या भोकांची सर्वांत वर, आणि तळाची अशी की उजेडाकडे धरल्याशिवाय तिला भोकं आहेत यावर विश्वास बसत नाही. गाठ सोडताना हाताला स्टीलचा गारवा लागला आणि खिडकीतून धानाचा वास आला. गावाबाहेर लवकर पिकणारे हलके धान कापायला आले आहेत. पिकल्या धानाचा हा वास थोडा गोड असतो, थोडा धुळीचा. इकडच्या माणसांना त्याने दिवाळी आठवते. मला तीन वर्षांपूर्वीचा अश्विन आठवतो, ज्यात मला कसलाच वास येत नव्हता.

नाक ठीकच होतं म्हणा. वास यायचा, पण तो दुसऱ्याच कोणाला तरी येत असावा आणि मला नुसता कळवला जात असावा, तसं. चहाची चव, उन्हाचा चटका, सगळं असंच कळवलेलं. गणपती उठले त्याच्या तिसऱ्या दिवशी सकाळी माझे मिस्टर अंगणात चपला घालायला वाकले आणि तिथेच बसले. शेजाऱ्याच्या गाडीतून दवाखान्यात नेईपर्यंत सगळं संपलं होतं. पुढचे दिवस घर माणसांनी भरलेलं होतं. कोणी आलं की सासूबाई सांगायच्या, दीर सांगायचे, शेजारीण सांगायची, कसं झालं, किती वाजता झालं. मी सगळ्यांना चहा विचारायची. धीराची बाई आहे असं काहीजणी म्हणाल्या. काहीजणी दुसरं काही म्हणाल्या असतील. मला दोन्हींशी घेणंदेणं नव्हतं.

तेरवीला तुमसरहून माझा भाऊ दुखवटा घेऊन आला. आमच्याकडे ही रीत अजून पाळतात. घरात मरण झालं की माहेरच्यांनी नवे कपडे आणायचे, ते अंगावर घालायचे आणि मग पुन्हा माणसांत जायला मोकळीक. भावाने आकाशी रंगाची जॉर्जेटची साडी आणली होती. पांढरी आणायला त्याचा जीव धजला नाही आणि चांगली रंगीत आणायची हिंमत झाली नाही, म्हणून मधलं काहीतरी. सासूबाईंनी घडी मोडली, काठावरून हात फिरवला आणि म्हणाल्या, "माहेरचं लुगडं आहे. घराबाहेर पाय टाकशीन तं हेच नेसून टाकजो."

बाहेर पाय टाकायला मला चारच दिवस लागले. तासिका तत्त्वावर शिकवणाऱ्या बाईला रजा नावाचा प्रकार ठाऊक नसतो. शिवाय माझ्या नावावर एक लहानसा संशोधन प्रकल्प होता आणि त्याचे नमुने याच दिवसांत घ्यायचे होते, पाऊस थांबल्यावर आणि तलावातले शिंगाडे निघायच्या आत. सासूबाईंना विचारलं तर त्या भिंतीकडे पाहून म्हणाल्या, "जा. घरात बसून तरी का करशीन." मी आकाशी साडी नेसले आणि गेले.

ती साडी मी तेव्हापासून रोज नेसू लागले. संध्याकाळी धुवायची, सकाळपर्यंत ती वाळायची, पुन्हा तीच. कपाट उघडलं की बाकीच्या साड्यांना काही ना काही चिकटलेलं होतं, ही अमक्या लग्नातली, ही त्यांनी नागपूरहून आणलेली. आकाशीला काहीच चिकटलेलं नव्हतं. ती फक्त साडी होती, आणि मला तेवढीच झेपत होती.

काम असं होतं. लाखनीपासून थोडं आत एक जुना तलाव आहे. त्याच्या पाण्यात आणि मासोळीत प्लास्टिकचे बारीक कण किती, हे पाहायचं. तांदळाच्या दाण्याएवढ्यापासून अगदी डोळ्याला न दिसणाऱ्यापर्यंत. त्यासाठी डोंग्यात बसून तलावाच्या मध्यावर जायचं, स्टीलच्या बादलीने पाणी घ्यायचं, बादल्या मोजत ते चाळण्यांवर ओतायचं. चाळणीवर जे उरेल ते काचेच्या बाटलीत धुवून घ्यायचं. प्लास्टिकचं काहीही वापरायचं नाही, बाटलीच्या झाकणाखालीसुद्धा चांदीचा कागद. डोंगा पार्बताबाई वल्हवायची. साठीची बाई, मासेमारी करणाऱ्या ढिवराच्या घरातली, नवरा कधीचाच गेलेला. ती आणि गावातल्या आणखी चौघी मिळून या तलावाची मासोळी लाखनीच्या बाजारात विकायच्या. त्यांचं घर त्यावरच चालायचं.

"एवढ्या बारीक चाळणीनं का पाहता मॅडम?" पहिल्या दिवशी तिने विचारलं होतं.

"पाण्यात प्लास्टिक आहे का ते."

तिने वल्ह्याने काठाकडे दाखवलं. तलावाच्या बांधाला, पाळीला, गुटख्याच्या पुड्या आणि चिप्सच्या पिशव्या लागल्या होत्या. "मंग ते वरतूनच दिसून राहिलं ना."

"ते सगळ्यांना दिसतं. मला न दिसणारं मोजायचं आहे."

"बाप्पा," ती म्हणाली आणि वल्हं मारू लागली. त्या गप्प बसण्याबद्दल मी तिची आभारी होते. त्या दिवसांत पार्बताबाई ही एकच बाई होती जी माझ्याकडे रोखून बघायची नाही.

प्रयोगशाळेत आणलं की खरं काम सुरू होतं. बाटलीत शेवाळ असतं, कुजलेली पानं, किड्यांचे पाय. त्यावर हायड्रोजन पेरॉक्साइड घातलं की ते फसफसतं आणि जे जिवंत होतं ते सगळं खाऊन टाकतं. मासोळीची आतडी वेगळ्या क्षारात दोन दिवस विरघळवायची. मग मिठाचं पाणी करायचं, इतकं खारट की आणखी एक चिमूटही विरघळणार नाही, आणि त्यात उरलंसुरलं सोडायचं. वाळू खाली बसते, प्लास्टिक वर येतं. वरचं पाणी बारीक गाळणकागदातून ओढून घ्यायचं आणि तो कागद काचेच्या बशीत सूक्ष्मदर्शकाखाली ठेवायचा. मग एकेक ओळ सरकवत बघायचं. संशय आला की स्पिरिटच्या दिव्यावर सुई लाल करून जवळ न्यायची. शेवाळ असेल तर ते तसंच राहतं, सुती धागा जळतो, प्लास्टिक मात्र सुईपासून अंग चोरून घेतं.

अशा कामाला बधिर माणूस फार उत्तम. माझ्याइतकं मन लावून त्या महिन्यात जिल्ह्यात कोणी काही मोजलं नसेल. बाहेर नवरात्र गेलं, दसरा गेला, महामार्गावरून धानाच्या पोत्यांचे ट्रक जाऊ लागले, आणि मी बशीवर डोळा लावून ओळीमागून ओळ सरकवत होते. मला कंटाळा येत नव्हता, कारण कंटाळा यायलाही आत कोणी असावं लागतं. वहीत रंगाप्रमाणे रकाने होते. हिरवा, लाल, काळा, पारदर्शक, निळा. निळ्याचा रकाना भरून शेजारच्या पानावर गेला. मला त्यात काही वावगं वाटलं नाही. निळे धागे जिथे तिथे सापडतात, हे मी वाचलेलं होतं.

आणि आता जे सांगायचं त्याची मला आजही लाज वाटते. या कामाचा पहिला नियम कपड्यांचा असतो. कृत्रिम धाग्याचं काहीही अंगावर नको, कारण ते कपडे सतत झडत असतात आणि झडलेलं थेट बशीत पडतं. हा नियम मी स्वतः फळ्यावर लिहिला होता. एका सकाळी एम.एस्सी.ची प्रणाली पॉलिस्टरची ओढणी घेऊन आली, तर मी तिला दारातूनच परत पाठवलं होतं. वर चार शब्द ऐकवले. ते ऐकवताना माझ्या अंगावर सहा वार आकाशी जॉर्जेट, म्हणजे पॉलिस्टरच, होतं, पदर खोचलेला, वरून सुती कोट, कोटाखाली घोट्यापर्यंत निऱ्या. वर्गातल्या सगळ्या मुली खाली मान घालून उभ्या होत्या. मला वाटलं, माझ्या बोलण्याला घाबरल्या.

दिवाळीला दहा-बारा दिवस असताना विभागप्रमुखांनी सुरुवातीचे आकडे पाहिले आणि ते खूश झाले. एवढं प्लास्टिक म्हणजे बातमीच. त्यांच्या ओळखीच्या वार्ताहराने ती जिल्ह्याच्या पानावर चौकटीत छापली, तलावाच्या नावासकट. त्यात माझंही नाव होतं. मला आनंद झाल्याचं मला कळवण्यात आलं, असं म्हणते.

चौथ्या दिवशी पार्बताबाई कॉलेजात आली. लाखनीहून बसने, डोक्यावर टोपली घेऊन. शिपायाने तिला व्हरांड्यातच थांबवलं होतं. टोपलीवर ओलं फडकं होतं आणि ते तिने माझ्यासमोर बाजूला केलं. रोहू, मरळ, खाली बारीक मासोळी. सगळी तशीच.

"पेपरात तुमी लिवलं म्हणते," ती म्हणाली. आवाज चढलेला नव्हता. "चार दिवस झाले, कोणी घेऊन नाई राहिलं. हात लावून पाहाते अन् जाते. का तं म्हणे तुमच्या मासोळीत प्लास्टिक आहे. कोठी आहे मॅडम? मले दाखवा ना. मी काढून टाकतो."

मी तिला समजावू लागले की ते डोळ्याला दिसत नाही, काढता येत नाही.

"मंग तुमाले कसं दिसलं?"

तिने टोपलीकडे पाहिलं. "दिवाळीपावतर आमचं सगळं यातच आहे," एवढं म्हणून तिने फडकं नीट टाकलं, टोपली उचलली आणि गेली. व्हरांड्यात मासोळीच्या पाण्याचे थेंब पडले होते. ते वाळेपर्यंत मी तिथे उभी होते, आणि मला वाईट वाटायला हवं एवढं मात्र कळत होतं.

मग मी तिच्या प्रश्नाचं उत्तर शोधायला म्हणून पुन्हा बशा काढल्या. या पद्धतीत एक कोरी बशीही ठेवायची असते. काम चालू असताना स्वच्छ गाळणकागद घालून ती शेजारी उघडी ठेवायची, तिच्यात नमुना काहीच घालायचा नाही. हवेतून, कपड्यांतून, आपल्यातून जे पडत असेल ते तिच्यात पडतं, आणि शेवटी तेवढं मोजणीतून वजा करायचं. मी बशी रोज ठेवली होती. रोज झाकण लावून तारीख टाकली होती. पण मोजली एकही नव्हती. कोऱ्या बशीत काय पाहायचं, असं वाटून राहिलं, की वाटलंच नाही, कोण जाणे.

पहिली कोरी बशी भिंगाखाली ठेवली. निळे धागे होते. दुसरीत निळे धागे होते. तलावाच्या पाण्याच्या बशीत जेवढे, जवळजवळ तेवढेच. मी पदराचं टोक उसवून त्यातला एक धागा शेजारी ठेवला. तोच निळा, तीच जाडी, तीच पिळाची चमक. सुई तापवून नेली. दोघांनीही सारखंच अंग चोरलं.

मी प्रणालीला बोलावलं आणि तिला भिंगातून बघायला सांगितलं. तिने पाहिलं आणि ती रडायलाच लागली. "मॅडम, आमाले पहिल्या दिवसापासून दिसत होतं," ती म्हणाली. "सरांनाबी दिसत होतं. पण दुखवट्याची साडी होती ना. तुमाले कसं म्हणाव, बदलवून या म्हणून?"

म्हणजे सगळ्यांना माहीत होतं. सगळ्यांनी माझा मान ठेवला, आणि त्या मानापायी पाच बायकांची मासोळी बाजारात पडून राहिली. मला राग येईल म्हणून मी वाट पाहिली. आला नाही. एक जुनी, ओळखीची भीती मात्र आली, स्वतःची अशी. तीही बऱ्याच दिवसांनी.

मी विभागप्रमुखांना सगळं सांगितलं. सरांनी शांतपणे ऐकून घेतलं. ते वाईट माणूस नव्हेत. "अंतिम अहवालात दुरुस्त करून टाका," ते म्हणाले. "आत्ता कशाला गाजावाजा? प्लास्टिक तलावात आहेच, नाही असं थोडंच आहे. आणि तुमचे तास पुढच्या सत्रातही घ्यायचे आहेत." अंतिम अहवाल उन्हाळ्यात जायचा होता. उन्हाळ्यात तलावात पाणीही नसतं.

त्यांचं एक म्हणणं चूक नव्हतं. पुढे मी सगळे नमुने नव्याने घेतले, आणि तलावात प्लास्टिक निघालंच. निळं फार थोडं. हिरव्या नायलॉनचे धागे होते, तुटक, मासोळीच्या जाळ्याचे. पिशव्यांचे पापुद्रे होते. ते मी पार्बताबाईला सांगितलं, तेव्हा तिने जुनं जाळं हातात घेऊन त्याची झडलेली गाठ कितीतरी वेळ चोळून पाहिली. आता आम्ही सगळे भगव्या सुती कोटात काम करतो, मुद्दाम, म्हणजे आपलं झडलेलं रंगावरून ओळखू यावं. मुली त्याची थट्टा करतात. दरवर्षी पहिल्या तासाला मी आधी स्वतःचे कपडे त्यांना तपासायला लावते, आणि त्या लाजतात तरी मी सोडत नाही. कोणाचा मान ठेवायचा तो प्रयोगशाळेच्या बाहेर ठेवा, म्हणते.

पण त्या अश्विनात हे सगळं पुढचं होतं. धनत्रयोदशीच्या आदल्या दिवशी लाखनीचा बाजार. मी सुती साडी नेसले. ती कपाटातून काढताना हात थांबला होता, पण काढली. सासूबाईंनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. पार्बताबाई उड्डाणपुलाच्या सावलीत बसली होती, बाकीच्या चौघी तिच्या रांगेत. टोपल्या भरलेल्या. मी तिच्यासमोर उभ्याउभ्याच सांगून टाकलं की पेपरात आलेलं चूक होतं, मोजलेले धागे बहुतेक माझ्याच साडीचे होते, मला माफ कर.

तिने ते ऐकलं. मासोळीवरची माशी हाकलली.

"मले सांगून का फायदा?" ती म्हणाली. "मी तं रोजच खातो. ज्याईनं घेणं बंद केलं त्याईले सांगा." आणि अंगाखालच्या बारदानाचा अर्धा भाग तिने माझ्याकडे सरकवला.

मी बसले. कॉलेजात शिकवणारी बाई मासोळीच्या रांगेत बसलेली पाहून दोघं-तिघं थांबले. हेल्मेट हातात घेतलेल्या एकाने विचारलं, "हीच का ती प्लास्टिकवाली मासोळी?" पार्बताबाईने माझ्याकडे बोट केलं. मी सुरुवात केली की नमुना हाताळताना दूषित झाला, तुलनेसाठी ठेवलेल्या बशीतही तसेच तंतू आढळले. तो माणूस मध्येच निघून गेला.

"असं नाई मॅडम," पार्बताबाई म्हणाली. "मले सांगतलं तसं सांगा."

पुढची बाई शेतातूनच आली असावी. केसांत धानाच्या तणसाची काडी होती, हातात घडी केलेली प्लास्टिकची पन्नी. मी म्हटलं, "पेपरात आलं ते माझ्याकडून चुकलं. ते धागे तलावातले नव्हते, माझ्या साडीचे होते."

"कोणत्या साडीचे?"

"अंगावर होती ती. नायलॉनसारखी."

"मंग तुमाले मालूम होतं तं बदलवली काहून नाई?"

प्रश्न सरळ होता. त्याला दुसरं उत्तरही नव्हतं. मी म्हटलं, "दुखवट्याची होती. माझे मिस्टर गेले."

हे वाक्य मी बोलले, आणि तेव्हा माझ्या ध्यानात आलं की ते मी अजून कोणालाच सांगितलेलं नाही. ज्याला त्याला दुसऱ्यांनीच सांगितलं होतं. वर पुलावरून ट्रक गेला, त्याची धडधड पाठीच्या कण्यातून खाली गेली. मासोळीचा वास आला, चिखलाचा, ओल्या फडक्याचा. कोणी न कळवता, माझा मला आला.

ती बाई खाली टेकली. "कधी वो?"

"गणपती उठले, त्याच्या तिसऱ्या दिवशी."

"लेकरं?"

"नाहीत."

तिने पन्नी उघडून पार्बताबाईपुढे धरली. "दे अर्धा किलो. बारीक दे."

ऊन पुलाखाली शिरेपर्यंत असंच चाललं. माणूस थांबायचा, मासोळीचं विचारायचा, मी साडीचं सांगायची. मग काहून, मग कोण, मग कधी, आणि मी पुन्हा तेच, माझे मिस्टर गेले. सगळ्यांनी घेतली नाही. दोघींनी तोंड वाकडं केलं, एकाने म्हटलं आता तुमचं काय काय खरं मानायचं, आणि ते त्याचं बरोबरच होतं. पण टोपल्या हळूहळू उतरत होत्या. कितव्यांदा ते आठवत नाही, वाक्य अर्ध्यावर आलं आणि पुढचा शब्द निघेना. मी तोंडावर पदर घेतला आणि मोठ्याने, आवाज करून रडायला लागले, भर बाजारात. समोरचा म्हातारा गडबडला, हातातली पिशवी घेऊन दोन पावलं मागे सरला.

पार्बताबाईने तराजू खाली ठेवला नाही.

"रडू द्या त्याईले," ती म्हातार्‍याला म्हणाली. "तुमी मासोळी पाहा."